नारा भुवनेश्वरी

हैदराबादस्थित ‘हेरिटेज फूड्स’ या दुग्धव्यवसाय कंपनीच्या उपाध्यक्षा व व्यवस्थापकीय संचालक. तेलुगू चित्रपटांचे ख्यातनाम अभिनेते एन. टी. रामाराव यांच्या त्या कन्या. १९८१ मध्ये त्यांचा विवाह चंद्राबाबू नायडू यांच्याशी झाला. नायडू तेव्हा काँग्रेसचे मंत्री होते. रामाराव यांनी ‘तेलुगू देसम’ पक्ष स्थापला तो पुढील वर्षी, १९८२ मध्ये.

‘हेरिटेज’ची स्थापना नायडू यांनी १९९२ मध्ये केली, कालांतराने तिची सूत्रे भुवनेश्वरी यांच्याकडे आली. शेतकऱ्यांकडून दूध संकलित करून दूध, दही, ताक, तूप यांची विक्री करणे हा कंपनीचा मुख्य व्यवसाय होय. किराणा दुकानांची साखळी फ्यूचर समूहाला देण्याचा निर्णय २०१६ मध्ये झाला. स्नुषा ब्राह्मणी याही कंपनीच्या कार्यकारी संचालक आहेत.

१९९५ मध्ये नायडू यांनी रामाराव यांना मुख्यमंत्रिपदावरून दूर केले आणि भुवनेश्वरी यांचे वडील व पती सत्तासंघर्षात समोरासमोर आले. जानेवारी १९९६ मध्ये रामाराव यांचे निधन झाले. भुवनेश्वरी मात्र दीर्घकाळ सक्रिय राजकारणापासून अलिप्तच राहिल्या. सप्टेंबर २०२३ मध्ये नायडू यांना अटक झाल्यावर त्यांनी ‘निजम गेलवाली’ (सत्य जिंकावे) ही यात्रा काढली.

जून २०२४ मध्ये तेलुगू देसम सत्तेवर येताच कंपनीच्या समभागाने मोठी उसळी घेतली. भुवनेश्वरी यांचा कंपनीतील हिस्सा सुमारे २४ टक्के होता. कंपनीचा नफा दुधावर ठरतो. समभागाचा भाव मात्र मतपेटीकडेही पाहतो.