शंकराजीपंत सचिव : कारकुनीतून राजकारणाकडे

वेल्ह्यातून तोरण्याकडे मान वर करून पाहिले, म्हणजे शिवाजी महाराजांनी घेतलेल्या ह्या किल्ल्याची कथा आपणां सर्वांस आठवते. परंतु राजगडतोरण्याचा हा मुलूख पुढे मोगलांच्या हातून सोडविणाऱ्या पुरुषाचे स्मरण क्वचितच होते. ते शंकराजी नारायण, भोरच्या पंतसचिव घराण्याचे मूळ पुरुष. हुकूम चोख बजावणारा मनुष्य राज्याचा विचार करणारा मुत्सद्दी कसा झाला, हा त्यांच्या चरित्राचा भाग आम्हांस विशेष मननीय वाटतो.

शंकराजीपंत प्रथम मोरोपंत पिंगळ्यांच्या पदरी कारकून होते. सन १६८९ मध्ये संभाजी महाराजांचा वध झाला, रायगड पडला आणि राजाराम महाराज दूर जिंजीस गेले. महाराष्ट्राचा भार रामचंद्रपंत अमात्यांवर पडला व त्यांस 'हुकुमतपन्हा' हा किताब मिळाला. ह्या अमात्यांच्या हाताखाली शंकराजीपंत पुढे आले. हाताखालच्या माणसास नुसती कामे सांगावीत, तर तो कामगारच राहतो. अमात्यांनी त्यांस मावळचा मुलूखच सोपविला. जिंजीस विचारून उत्तर येईपर्यंत ऋतू पालटावा अशी स्थिती होती. तेव्हा निर्णय आणि त्याचे परिणाम दोन्ही त्यांच्याच शिरी आले. पन्हाळ्याकडे परशुराम त्रिंबक असेच तयार झाले.

राजगड १६९२ च्या सुमारास परत आला. तथापि किल्ला घेणे हे धाडसाचे व शिस्तीचे काम. तेवढ्यावर आम्ही त्यांस मुत्सद्दी म्हणणार नाही. किल्ल्याखालचे खोरे ज्याचे, किल्ला त्याचाच राहतो, हे त्यांनी ओळखले. दाणा, वैरण, माणूस आणि बातमी सर्व खोऱ्यातूनच वर जाते. म्हणून मोगलांकडे गेलेल्या कारीच्या जेध्यांसारख्या देशमुखांस परत वळविण्याकडे त्यांनी लक्ष दिले. जिंजीहून महाराजांचीही पत्रे येत होती, आणि वतनांची आश्वासने दिली जात होती.

ह्या धोरणाची किंमतही सांगितली पाहिजे. शिवाजी महाराजांनी वतनदारांस आवर घातला होता. तो आता सैल झाला. पुढे आज्ञापत्रात वतनदारांविषयी कडक इशारा देणारे रामचंद्रपंतच होते, हे ध्यानात घेण्यासारखे आहे. तरीही औरंगजेब स्वतःच वतने वाटीत असता दुसरा मार्ग कोणता होता, असे आम्ही विचारतो.

सन १७०४ मध्ये बादशहाने स्वतः येऊन राजगड व तोरणा घेतले. पण मावळ त्याचे झाले नाही. बादशहा १७०७ मध्ये वारला आणि शाहू महाराज सुटून आले. शंकराजीपंत ताराबाईंशी शपथेने बांधलेले होते. धन्याच्या घरातच दोन धनी उभे राहिले, तेथे त्यांची सारी राजनीती कुंठित झाली. शाहू महाराज मावळात आले, तेव्हा पंतांनी आंबवड्यास देह ठेवला. त्यांचा पुत्र नारो शंकर अल्पवयी होता. शाहू महाराजांनी सचिवपद त्याच्याकडेच चालविले.