पेडण्याचे भाऊसाहेब : कै. दयानंद बांदोडकर

पेडणे महाल हा गोव्याच्या नव्या काबिजादींपैकी एक. सावंतवाडीकर भोसल्यांकडून तो १७८८ साली कायमचा पोर्तुगीजांच्या अंमलाखाली गेला. तत्पूर्वी १७४६ साली शापोरा नदीकाठचा हळर्णचा किल्ला जिंकणाऱ्या व्हाइसरॉयला पोर्तुगालच्या राजाने ‘मार्केज द अलोर्ना’ हा किताब बहाल केला होता. हळर्णचे नाव अशा रीतीने लिस्बनच्या दरबारी पोहोचले. परंतु तेथील रयतेचे म्हणणे पणजीच्या सचिवालयात पोहोचण्यास आणखी दोन शतके जावी लागली. ते पोहोचविणारा पुरुष याच महालाने दिला.

कै. दयानंद बाळकृष्ण बांदोडकर यांचा जन्म १२ मार्च १९११ रोजी पेडणे येथे झाला. आदल्याच वर्षी पोर्तुगालात प्रजासत्ताक येऊन हिंदूंना नागरी समतेचा हक्क मिळाला होता. देवस्थानांचा कारभार मात्र १८८६ च्या व पुढे १९३३ च्या ‘रेगुलामेंत’प्रमाणे नोंदपुस्तकातील महाजन घराण्यांकडेच राहिला. भाऊसाहेब ज्या गोमंतक मराठा समाजात जन्मले, त्या समाजाने पिढ्यान्‌पिढ्या देवळांची सेवा केली. तथापि बहुतेक देवस्थानांच्या महाजनकीत त्याला स्थान नव्हते. ही गोष्ट आज स्पष्टपणे नमूद करणे उचित होय.

भाऊसाहेबांचा उदय झाला तो व्यापारात. दुसऱ्या महायुद्धानंतर जपानच्या पोलाद कारखान्यांना गोव्याचे लोहखनिज हवे होते. नद्यांतून बार्जी भरभरून मार्मागोवा बंदराकडे जाऊ लागल्या आणि या धंद्यात बांदोडकरांनी आपला जम बसविला. मिळविलेल्या धनाचा वाटा शिक्षणाला व गरजूंना देणारा खाणमालक अशी त्यांची ख्याती राजकारणात येण्यापूर्वीच झाली होती.

१९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा मुक्त झाला. डिसेंबर १९६३ मधील पहिल्या निवडणुकीत महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाच्या ‘सिंहा’ला बहुजनसमाजाने भरभरून मते दिली आणि २० डिसेंबर रोजी भाऊसाहेब पहिले मुख्यमंत्री झाले. खेडोपाडी मराठी प्राथमिक शाळा निघाल्या. १९६४ च्या कूळ कायद्याने खंडाची मर्यादा उत्पन्नाच्या एक षष्ठांशावर आणली. महाजन घराण्यांपैकी अनेक भाटकार होती. त्यांच्या उत्पन्नास या कायद्याची झळ पोहोचली व काहींच्या मनात कटुताही राहिली. परंतु अर्धेअधिक पीक देऊन रिकाम्या हाती परतणाऱ्या कुळाच्या घरी त्याच कायद्याने दोन वेळची पेज शिजू लागली, हेही तितकेच खरे.

भाऊसाहेबांची खरी परीक्षा जनमत कौलाने घेतली. गोव्याचे महाराष्ट्रात विलीनीकरण हे त्यांच्या पक्षाचे मूळ ध्येय. कौल निःपक्षपाती व्हावा म्हणून त्यांच्या सरकारने डिसेंबर १९६६ मध्ये सत्तात्याग केला. १६ जानेवारी १९६७ रोजी मतदान झाले. ‘फुला’ला, म्हणजे विलीनीकरणाला, १,३८,१७० मते पडली, तर ‘दोन पानां’ना, म्हणजे स्वतंत्र संघप्रदेशाला, १,७२,१९१. चौतीस हजारांनी त्यांचे जीवितध्येय हरले. त्यांनी तो निर्णय मान्य केला. काही आठवड्यांतच झालेल्या निवडणुकीत त्याच जनतेने त्यांच्याच पक्षाला बहुमत दिले आणि ५ एप्रिल १९६७ रोजी भाऊसाहेब पुनश्च मुख्यमंत्री झाले. लोकांनी त्यांचे मत नाकारले, पण माणूस नाकारला नाही.

१२ ऑगस्ट १९७३ रोजी, अधिकारपदावर असतानाच, त्यांचे निधन झाले. त्यांच्या कन्या शशिकलाताई काकोडकर मुख्यमंत्री झाल्या व त्यांच्या कारकिर्दीत १९७६ साली कुळाला जमिनीच्या मालकीचा हक्क देणारी दुरुस्ती कायद्यात झाली.

महाजनकी वंशपरंपरेने मिळते. लोकांचा विश्वास मात्र प्रत्येकाला आपापल्या हयातीत मिळवावा लागतो. देवस्थानाचा कारभार पाहणाऱ्या प्रत्येक घराण्याने पेडण्याच्या या सुपुत्राच्या चरित्रातून एवढे घेतले, तरी ते त्यांचे उचित स्मरण ठरेल.