उदयशंकरांची ‘कल्पना’

अल्मोड्याचे कलाकेंद्र चाळीसच्या दशकात पैशांअभावी बंद पडले आणि उदयशंकरांनी आपले सारे बळ एका हिंदी चित्रपटात ओतले. मद्रासच्या जेमिनी स्टुडिओत चित्रित झालेला ‘कल्पना’ १९४८ साली प्रदर्शित झाला. कथा, दिग्दर्शन, नृत्यरचना आणि नायकाची भूमिका त्यांचीच. सोबत पत्नी अमला. संगीत विष्णुदास शिराळी यांचे. विष्णु दिगंबर पलुसकरांच्या या शिष्याचे नाव मराठी रसिकांच्याही स्मरणात फारसे उरलेले नाही, हे जाता जाता नोंदवावेसे वाटते.

एक लेखक चित्रनिर्मात्याला उदयन या नर्तकाची कहाणी ऐकवतो. हिमालयात कलाकेंद्र उभारण्याचे उदयनचे स्वप्न आहे. निर्माता ती कहाणी नाकारतो. कथानक विस्कळीत आहे, संवादांत उपदेशही बराच. परंतु नृत्य सुरू झाले की हे दोष विसरायला होतात. यंत्रयुगावरील नृत्यात माणसांची शरीरेच यंत्राचे भाग बनतात. कॅमेरा प्रेक्षागृहातल्या खुर्चीला खिळून राहत नाही. छाया-प्रकाशासह तोही नृत्यात सामील होतो. रंगमंचावर विरून जाणारी ही कला एवढ्या विस्ताराने अन्यत्र कुठे टिकलेली नाही.

चित्रपट चालला नाही. त्याच वर्षी जेमिनीच्याच ‘चंद्रलेखा’तील नगाऱ्यांवरच्या नृत्याने मात्र देश दिपला. ‘कल्पना’ची पुनरुज्जीवित प्रत २०१२ साली कान महोत्सवात दाखवली गेली, तेव्हा वयाची नव्वदी ओलांडलेल्या अमला शंकर तेथे उपस्थित होत्या.