वाद, जल्प आणि वितंडा

ज्ञानेश्वरीच्या आरंभी माउली गणरायाचे रूप वर्णन करतात. सगळी शास्त्रे त्या एका मूर्तीत बसवली आहेत. त्यात तर्क हा हातातला परशू आणि संवाद हा दात. त्या दाताची शुभ्रता म्हणजे समता, असे माउली सांगतात. हे नमन मी पन्नास वर्षे कीर्तनात म्हटले. पण तोडणारा परशू आणि समतेचा दात एकाच मूर्तीत का, हे कळायला उशीर लागला.

यंदा गावच्या सप्ताहात दुपारी वादसभा भरवायचे तरुणांनी ठरवले. ‘बुवा, सभा भरवायची कशी?’ असे विचारायला ते आले. त्यांना सांगितले तेच येथे लिहितो.

वादाचे शास्त्र आपल्याकडे फार जुने. चरकसंहितेच्या विमानस्थानात, आठव्या अध्यायात, वैद्याने वैद्याशी चर्चा कशी करावी हे सांगितले आहे. तिचे दोन प्रकार. संधाय संभाषा म्हणजे सलोख्याची, आणि विगृह्य संभाषा म्हणजे जिंकायला केलेली. सलोख्याच्या चर्चेत निर्धास्तपणे विचारावे, विचारलेले उलगडून सांगावे, हरण्याचे भय बाळगू नये आणि दुसरा हरला म्हणून हर्ष मानू नये.

गौतमांच्या न्यायसूत्रांत तीन प्रकार आले. प्रमाण आणि तर्क यांच्या आधाराने तत्त्व शोधणे हा वाद. जिंकण्यासाठी छलासारखी साधनेही वापरणे हा जल्प. स्वतःचा पक्षच न मांडता केवळ दुसऱ्याचा मोडत सुटणे ही वितंडा. आपण व्यवहारात ‘वितंडवाद’ म्हणतो तो शब्द इथलाच.

बोलण्याची रीतही ठरलेली. आधी प्रतिज्ञा : डोंगरावर अग्नी आहे. मग हेतू : कारण धूर दिसतो. मग उदाहरण : जिथे धूर तिथे अग्नी, जसे स्वयंपाकघरात. मग उपनय : हा डोंगरही तसाच धुराचा आहे. शेवटी निगमन : म्हणून तेथे अग्नी आहे. पाच पायऱ्यांत ऐकणाऱ्याला कुठे अडखळायचे ते नेमके कळते.

याशिवाय 22 निग्रहस्थाने, म्हणजे पराभवाची ठिकाणे. प्रतिज्ञा सोडून देणे, विषय सोडून भलतेच बोलणे, ‘मला काम आहे’ म्हणून सभेतून निघून जाणे, हे सगळे पराभव. त्यांतली दोन मला फार मोलाची वाटतात. तीनदा सांगूनही सभेला आणि प्रतिवाद्याला अर्थ कळला नाही, तर दोष बोलणाऱ्याचा. उलट, तीनदा सांगितलेले सभेला कळले, तरी प्रतिवाद्याला ते पुन्हा सांगता आले नाही, तर तो हरला. म्हणजे खंडन पुढे. आधी दुसऱ्याचे म्हणणे आपल्या तोंडून नीट आले पाहिजे. कीर्तनात आपण पूर्वपक्ष मांडतो तो याच परंपरेतला.

शंकराचार्य आणि मंडनमिश्र यांच्या वादाची कथा सर्वांना ठाऊक आहे. मध्यस्थ कोण, तर मंडनमिश्रांची पत्नी उभयभारती. प्रतिवाद्याची पत्नी न्याय करायला बसली आणि आचार्यांनी ते मानले. आचार्य हरले तर गृहस्थ होणार, मंडनमिश्र हरले तर संन्यास घेणार, हे आधीच ठरले. तिने दोघांच्या गळ्यात माळा घातल्या. ज्याची माळ आधी कोमेजेल तो हरला. आम्ही कीर्तनकार याचा अर्थ सांगतो, की ज्याला संताप येतो त्याच्या अंगच्या तापाने फुले सुकतात. शेवटी उभयभारतीने पतीचा पराभव मान्य केला.

हे सारे मी गुरुजींपाशी शिकलो होतो, तरी चुकलो. तिशीच्या आत होतो. एका सप्ताहात ज्ञान आणि भक्ती या विषयावर एका वडीलधाऱ्या कीर्तनकारांशी माझी जुंपली. ज्ञान परिपक्व झाले की त्यालाच भक्ती म्हणायचे, असे ते म्हणत होते. मी ‘ज्ञान मोठे, भक्ती खालची’ असे वाक्य त्यांच्या तोंडी घातले आणि त्याच्याच चिंध्या केल्या. टाळ्या पडल्या. ते शांतपणे म्हणाले, ‘महाराज, मी असे म्हणालोच नव्हतो.’ त्या सप्ताहाला ते पुन्हा आले नाहीत. पुढे वारीत दोनदा भेटले. मी पायांवर डोके ठेवले, पण चूक कबूल केली नाही. आता ते नाहीत. त्या दिवशी माझ्या हातात परशू होता, शुभ्र दात नव्हता.

म्हणून तरुणांना सांगितले : विषय एका वाक्यात लिहून दोन्ही पक्षांकडून मान्य करून घ्या. मध्यस्थ दोघांच्या विश्वासाचा निवडा. वेळ सारखा द्या. उत्तराला उठणाऱ्याने आधी दुसऱ्याचे म्हणणे सांगावे, आणि त्याने ‘होय, हेच माझे म्हणणे’ असे म्हटल्यावरच खंडन सुरू करावे. टाळ्या नकोत. पटले तर सभेतच ‘पटले’ म्हणावे. आणि वाद संपल्यावर दोन्ही पक्षांनी एका पंगतीला बसावे.

एका मुलाने विचारले, ‘बुवा, मग जिंकले कोण ते कसे कळणार?’ मी म्हटले, ‘पुढच्या सप्ताहाला दोघेही आले, तर सभा जिंकली.’

रामकृष्णहरी.