फासे पडले आणि वाट सुरू झाली

नळदुर्गला पहिल्यांदा येणारा माणूस आधी बोरी नदीवरच्या बंधाऱ्याकडे जातो. दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या काळातला हा बंधारा, त्याच्या पोटातला पाणीमहाल आणि भर पावसाळ्यात वरून कोसळणारे नर-मादी धबधबे यांमुळे किल्ल्याचे नाव दूरवर गेले. गावाचे नाव मात्र वेगळ्या गोष्टीशी बांधलेले आहे. हा नळराजाचा किल्ला, असे इथली परंपरा मानते. हा नळ महाभारताच्या वनपर्वातला. भाऊ पुष्कर याच्याशी तो फासे खेळला, राज्य हरला आणि अंगावरच्या एका वस्त्रानिशी दमयंतीला घेऊन रानाच्या वाटेला लागला.

त्या कथेतला एक प्रसंग मुद्दाम आठवावा असा आहे. रूप पालटलेला नळ अयोध्येच्या ऋतुपर्ण राजाचा सारथी झालेला असतो आणि दोघे रथातून विदर्भाकडे निघालेले असतात. वाटेत एका बेहड्याच्या झाडाकडे नुसती नजर टाकून ऋतुपर्ण त्याची पाने आणि फळे किती ते सांगतो. नळ रथ थांबवतो, खाली उतरतो, मोजतो. आकडा बरोबर निघतो. मग तिथेच देवघेव ठरते. राजाने नळाला फाशांची विद्या द्यायची आणि नळाने राजाला घोड्यांची. पुढे त्याच विद्येच्या जोरावर नळ राज्य परत जिंकतो. प्राचीन भारतात बेहड्याची फळेच फासे म्हणून वापरत, त्यामुळे विद्या नेमकी त्याच झाडाखाली मिळावी यात कथा रचणाऱ्याची मोठी समज दिसते. डाव हरल्यामुळे प्रवास सुरू झाला आणि डाव जिंकायची युक्तीही प्रवासातच सापडली.

नळदुर्गात दुसरी गोष्ट खंडोबाची आहे. सारीपाटात म्हाळसेशी पैज लावून देव हरला आणि बारा वर्षांच्या वनवासाला निघाला. त्या वनवासात तो धनगरांच्या वाड्यावर चाकरीला राहिला आणि बाणाई त्याला तिथे भेटली. जेजुरीपासून कर्नाटकातल्या मैलारापर्यंत वाघ्या-मुरळी जागरणात ही कथा रात्रभर रंगवतात. बाणाईशी देवाचे लग्न नळदुर्गाला लागले, असे इथले भाविक सांगतात. शिवाय इथला खंडोबा आजही एका जागी राहत नाही. देव एक आणि मंदिरे दोन, एक अणदूरला आणि एक नळदुर्गच्या मैलारपुरात. वर्षातले सुमारे दहा महिने मूर्ती अणदूरला असते आणि उरलेला काळ नळदुर्गात. ती नेण्या-आणण्यासाठी दोन्ही गावांच्या मानकऱ्यांत रीतसर लेखी करार होतो.

तिसरी गोष्ट तुळजापूरची. तिथे भारतीबुवांचा मठ आहे. या मठात तुळजाभवानी बुवांबरोबर सारीपाट खेळायला येत असे, अशी आख्यायिका आहे. आई भवानी म्हटले की महिषासुराला मारणारी अष्टभुजा डोळ्यांसमोर येते. तीच देवी सोंगट्या मांडून बसली आहे आणि समोरच्याच्या दानाची वाट पाहते आहे, हे चित्र फार लोभस आहे.

नळदुर्ग, अणदूर आणि तुळजापूर ही तिन्ही गावे धाराशिव जिल्ह्याच्या एकाच तालुक्यात आहेत. पट आणि वाट यांची अशी गाठ एवढ्या लहान मुलखात तीनदा पडावी, ही साधी गोष्ट नाही. आज मोबाइलवर एका शहरातून दुसऱ्या शहरात नेणारे, पातळीमागून पातळी चढवत ठेवणारे प्रवासाचे खेळ घरोघरी चालतात आणि ही कल्पना परदेशातून आल्यासारखी वाटते. तिचे एक जुने घर या तालुक्यात आहे.

मुळात हा मुलूखच वाटांचा. जिल्ह्यातले तेर म्हणजे प्राचीन तगर. पहिल्या शतकातल्या 'पेरिप्लस' या ग्रीक प्रवासवर्णनात भडोचच्या बंदरापासून पैठण वीस दिवसांच्या वाटेवर आणि पैठणच्या पूर्वेला तगर दहा दिवसांच्या वाटेवर असल्याचे लिहिले आहे. रस्ते धड नसलेल्या प्रदेशातून गाड्या भरून माल भडोचला जाई आणि तगरहून जाणाऱ्या मालात कापड मुख्य होते. अंतर कोसांत न सांगता दिवसांत सांगितले आहे, म्हणजे गाडीवानाच्या मुक्कामांत. तेरला सापडलेली हस्तिदंती स्त्रीमूर्ती इटलीतल्या पाँपेई इथे मिळालेल्या मूर्तीशी जुळते. तेरच्या रामलिंगप्पा लामतुरे वस्तुसंग्रहालयात उभे राहिले की गाव लहान आणि जग मोठे हा हिशेब उलटून जातो. पुढे याच तेरवरून बार्शी लाइट रेल्वेची अडीच फुटी रुळांवरची गाडी गेली आणि 1911 साली लातूरला पोचली.

वाटांवरून माल गेला तशा कवड्याही आल्या. कवडी समुद्रातली आणि तिचा मोठा पुरवठा मालदीव बेटांवरून होई. समुद्र कधी न पाहिलेल्या बालाघाटाच्या डोंगरात ती देवीची खूण झाली. तुळजापूरच्या रस्त्यांवर आजही कवड्यांच्या माळा टांगलेल्या दिसतात. आराध्यांच्या गळ्यात त्या असतात, हातात पोत आणि परडी असते. कवडी एकेकाळी सुटे नाणे होती, म्हणून 'कवडीमोल' आणि 'कवडीचुंबक' हे शब्द मराठीत राहिले. पटाभोवती बसलेल्यांसाठी तीच कवडी फासा होती. उताणी पडली तर एक मोल, पालथी पडली तर दुसरे. तुळजाभवानीच्या मंदिरात चिंतामणी नावाचा गोल दगड आहे. भाविक त्यावर दोन्ही हात ठेवून मनात प्रश्न धरतात. दगड उजवीकडे फिरला तर होकार, डावीकडे फिरला तर नकार आणि जागीच राहिला तर काम लांबणीवर. कौल मागणाऱ्याचे हात आणि दान टाकणाऱ्याचे हात, दोघांनाही पुढची वाट विचारायची असते.

सारीपाटाचा पट उलगडला की अधिक चिन्हासारख्या चार पट्ट्या दिसतात. प्रत्येक पट्टीत आठ-आठ घरांच्या तीन ओळी, म्हणजे सगळी मिळून 96 घरे. चार रंगांच्या सोळा सोंगट्या. प्रत्येक सोंगटी मधल्या घरातून निघते, साऱ्या पटाला वळसा घालते आणि जिथून निघाली तिथे परत येते. मध्ये कोणी मारली तर पुन्हा पहिल्यापासून. यात्रेकरूच्या वाटेचा याहून चांगला नकाशा क्वचित सापडेल. घर सोडायचे, फेरी पुरी करायची आणि घरी यायचे. तीन लांबट फाशांवर सहा, सहा आणि एक पडले की ते दान पौबारा. त्यातूनच आलेला 'पोबारा' मराठीत निसटून जाण्याचा शब्द झाला.

पट आणि हस्तिदंती फासे वाड्यांत असत. बाकीच्यांना अंगणातली फरशी पुरे. कोळशाने किंवा खडूने पंचवीस घरे आखायची, मधल्या घरावर आणि चारी बाजूंच्या मधल्या घरांवर फुल्या मारायच्या. कवड्या नसल्या तर चिंचोके दगडावर घासून दुभंगायचे, म्हणजे एक बाजू पांढरी आणि एक काळपट. चार पांढरे पडले तर चार, चारही काळे पडले तर आठ. महाराष्ट्रात बऱ्याच ठिकाणी याला चल्लस-आठ म्हणतात, तर सीमेपलीकडे कर्नाटकात हाच खेळ चौकाबारा होतो. आजी, सून, नातू सगळे एकाच चौकटीभोवती बसतात आणि वयाने कोणी मोठा ठरत नाही. सहा वर्षांच्या पोराने आजीची सोंगटी मारली तर आजीला निमूट मागे जावे लागते. कुटुंबाने मिळून खेळायचा खेळ कसा असावा, याचे उत्तर या पंचवीस घरांत पूर्वीच मिळाले आहे.

पण प्रवास आणि प्रगती या दोन्हींचा खरा मेळ घातला तो मोक्षपटाने. पहिले घर जन्माचे आणि शेवटचे मोक्षाचे. मध्ये सद्गुणांच्या शिड्या आणि दुर्गुणांचे साप. कवड्या टाकत जायचे, शिडी भेटली तर चढायचे, सापाने गिळले तर घसरायचे आणि पुन्हा जन्म घेऊन निघायचे. महाराष्ट्रात हा पट ज्ञानेश्वरांनी रचला असे मानतात. डेन्मार्कचे अभ्यासक एरिक सँड जुन्या भारतीय खेळांचा शोध घेत होते. त्यांच्यासाठी भांडारकर प्राच्यविद्या संस्थेचे वा. ल. मंजूळ यांनी शोधाशोध केली आणि रा. चिं. ढेरे यांच्या संग्रहात मोक्षपट सापडले. महाराष्ट्राच्या दैवतांचा आयुष्यभर माग काढणाऱ्या ढेऱ्यांकडेच ते निघावेत, हे अगदी साजेसे आहे. पुढे डेन्मार्कच्याच याकोब श्मिट-मॅडसन यांनी कोपनहेगन विद्यापीठात या पटांवर डॉक्टरेट केली. 2019 सालच्या त्यांच्या प्रबंधात अठराव्या-एकोणिसाव्या शतकातल्या पश्चिम भारतातले पट अभ्यासले आहेत. हाती आलेले पट त्या काळातले आहेत, तेराव्या शतकातले नाहीत, त्यामुळे ज्ञानेश्वरांचे कर्तृत्व ही परंपरा म्हणूनच सांगावी लागते. तरी तिला अर्थ आहे. वारकरी संतांनी उपदेश खेळाच्या भाषेत सांगितला आणि एकनाथांनी फुगडी, हुतूतू यांवर भारुडे रचली. तेरच्या गोरोबाकाकांनी थापटण्याने संतांची डोकी ठोकून कोणते मडके पक्के आणि कोणते कच्चे ते पाहिले, ही कथाही पातळी ठरवण्याचीच आहे. त्या परीक्षेत नामदेव कच्चे ठरले आणि त्यांना गुरूच्या शोधात पुन्हा वाटेला लागावे लागले.

युरोपात प्रवासाचा खेळ नकाशावरून आला. जॉन जेफ्रीज या इंग्रजाने 1759 साली युरोपचा नकाशा हाच पट करून 'अ जर्नी थ्रू युरोप' हा खेळ काढला. लिहिता-वाचता येणाऱ्या घरांतली मुले सोंगटी सरकवत शहरे पाठ करू लागली. मग भारतातले खेळ तिकडे गेले. 1890 च्या दशकात इंग्लंडमध्ये मोक्षपटाची सापशिडी झाली आणि सारीपाटाच्याच जातीच्या पचिशीचा लुडो. लुडोचे पेटंट 1896 चे. जाताना मोक्ष गळला, कवड्या गळल्या आणि घनाकार फासा आला. तेच खेळ पुठ्ठ्याच्या डब्यातून भारतात परतले. उन्हाळ्याच्या सुट्टीत त्यांच्या शेजारी 'व्यापार' मांडला जाई. मूळ अमेरिकी खेळाचे हे देशी रूप. मुंबई विकत घ्यायची, दिल्लीला भाडे भरायचे, रेल्वेवर मालकी सांगायची. रेल्वेचे डबे न पाहिलेल्या मुलांनी कितीतरी शहरे या पटावर आधी पाहिली.

फोन आला तेव्हा पट काचेत शिरला. 2012 साली डेन्मार्कमध्ये 'सबवे सर्फर्स' निघाला आणि नंतर त्यातली पोरे रुळांवरून जगभर धावू लागली. त्या जागतिक सफरीत मुंबईही येऊन गेली. मोक्षपटांचा शोध करवणारे, त्यांवर प्रबंध लिहिणारे आणि हा खेळ करणारे सगळे डेन्मार्कचेच, हा योगायोग नोंदवण्याजोगा आहे. 2016 साली नवी मुंबईच्या गेमेशन कंपनीने 'लुडो किंग' आणला. 2020 च्या टाळेबंदीत पुण्या-मुंबईत अडकलेली मुले आणि गावाकडचे आई-वडील रात्री एकाच पटावर भेटू लागले. फासा पडद्यावर फिरे, पण 'माझी सोंगटी मारलीस ना' ही तक्रार अंगणातल्यासारखीच होती.

प्रवासाच्या आजच्या खेळांत एकेका शहराचा नकाशा उघडतो. कोडे सोडवले की नाणी मिळतात, नाण्यांनी पूल बांधायचा, वाडा दुरुस्त करायचा, मग पुढचे शहर. मुलांना ते आवडतात यात गैर काहीच नाही. पण एक फरक डोळ्यांआड करता येत नाही. सोंगटीला शेवटचे घर होते. तिथे ती पोचली की डाव संपे आणि माणसे जेवायला उठत. या खेळांना शेवटचे घर नाही. पुढचे गाव नेहमी थोडे लांब आणि वाट पाहवत नसेल तर पैसे भरून वेळ वाचवायची सोय. दिवसाकाठी ठरलेलेच डाव आणि शेवटी खरोखर संपणारी वाट असे नियम लावले, तर फोनवरचा खेळही घरातल्या सगळ्यांचा होऊ शकतो. पैज लावून खेळण्याचा प्रश्न तर नळाइतका जुना आहे. ऑगस्ट 2025 मध्ये संसदेने पैसे लावून खेळल्या जाणाऱ्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा कायदा केला, तेव्हा करमणुकीचा डाव आणि जुगार यांच्यातली रेघ सरकारी भाषेत आखली गेली.

अशा खेळासाठी या जिल्ह्याने काय द्यावे, हे ठरवायला फार लांब जावे लागत नाही. तगरहून भडोचपर्यंत तीस दिवसांची गाडीवाट घरांसकट तयार आहे. पैठण हे मधले मुक्कामाचे घर. सोलापूरहून तुळजापूरला कोजागरीच्या सुमारास रात्रभर पायी चालणारी माणसे आहेत. परंड्याचा किल्ला आहे, धाराशिवची लेणी आहेत. सोलापूर-तुळजापूर-धाराशिव या 84 किलोमीटरच्या नव्या रेल्वेमार्गाचे काम सुरू आहे, म्हणजे तुळजापूरच्या पटावर आता रेल्वेचेही घर येणार आहे. आणि बुऱ्हाणनगरहून दरवर्षी देवीसाठी पालखी येते. तिच्यात बसून भवानी सीमोल्लंघन करते आणि मग पलंगावर निजते.

खंडोबाचा मुक्काम नळदुर्गात असतो तेव्हा पौषी पौर्णिमेला तिथे मोठी यात्रा भरते. मैलारपुरात भंडारा उधळून वाट पिवळी होते. यात्रा आटोपली की करार बाहेर निघतो, दोन्ही गावांचे मानकरी समोरासमोर बसतात आणि म्हाळसेपुढे डाव हरलेला देव पुन्हा अणदूरच्या वाटेला लागतो.