दुपारची तेरा मिनिटं

दुपारी दोन-अडीचला, ऑफिसात जेवून पुन्हा स्क्रीनसमोर बसलं की मला आई आठवते. आता ओटा आवरून झाला असेल. मग पुढे ती काय करत असेल? आधी शाळा-कॉलेज, नंतर हिंजवडी. घरातली ही वेळ मी कधी नीट पाहिलीच नाही.

ती मला दिसली 'आफ्टरनून क्लाउड्स'मध्ये. पायल कपाडियाने एफटीआयआयमध्ये शिकताना केलेली ही १३ मिनिटांची फिल्म २०१७ मध्ये कान महोत्सवाच्या विद्यार्थी विभागात निवडली गेली. साठीची विधवा काकी, तिच्याकडे काम करणारी नेपाळी मालती, गॅलरीत उमललेलं फूल आणि मालतीला अचानक भेटलेला तिच्या गावाकडचा मुलगा. बस्स, एवढंच. पण ती एक दुपार हळूहळू स्वप्नासारखी होत जाते.

लॉ कॉलेज रोडला ही नजर नवी नव्हती. १९३३ मध्ये प्रभात कंपनी कोल्हापूरहून इथे आली. १९३६ च्या 'संत तुकाराम'मध्ये तुकाराम वैकुंठाला जातात, जिजाई मागे राहते. पण दामले-फत्तेलालांनी तिच्या संसारालाही भरपूर जागा दिली. १९६० मध्ये प्रभातच्याच आवारात फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. तिथे ऋत्विक घटकांच्या हाताखाली शिकलेल्या मणी कौल यांच्या 'उसकी रोटी'मध्ये बस ड्रायव्हरची बायको नवऱ्याची भाकरी घेऊन रस्त्यावर ताटकळत राहते.

२०१५ मध्ये अध्यक्षांच्या नेमणुकीविरुद्ध एफटीआयआयच्या विद्यार्थ्यांनी १३९ दिवस संप केला. पायलही त्यात होती. घोषणा देणाऱ्या कॅम्पसमधून इतकी शांत फिल्म कशी आली, असं मला आधी वाटायचं. आता वाटतं, प्रश्न एकच होता: आमचं सगळं परस्पर कोण ठरवतं? काकीचं वैधव्य, मालतीची कामं, दोघींचा दिवस इतरांनीच आखून दिलाय. स्वप्न तेवढं त्यांचं स्वतःचं.

२०२४ मध्ये पायलच्या 'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट'ला कानमध्ये ग्रां प्री मिळालं. त्यातही नवऱ्याची वाट पाहणाऱ्या नर्सकडे एक दिवस जर्मनीहून येतो तो फक्त राइस कुकर.

परवा मी आईला फोन केला. "दुपारी काय करतेस गं?"

"काही नाही."

मग जरा थांबून म्हणाली, "लग्नाआधी पेटी वाजवायचे."

एवढ्या वर्षांत मी हे कधी विचारलंच नव्हतं.