एकच चंद्र, दोन महिने

आमच्या वारासिवनीत दिवाळीची अमावास्या सर्वांची एकच. पणत्या एकाच संध्याकाळी लागतात, लक्ष्मीपूजन एकाच मुहूर्तावर होते. परंतु त्या अमावास्येची नावे मात्र दोन आहेत. मराठी घरात ती आश्विन वद्य अमावास्या, तर भिंतीपलीकडच्या हिंदी भाषिक घरात तीच कार्तिक अमावस्या. आकाशात चंद्र एक आणि जमिनीवर महिने दोन, अशी ही आपली सीमाभागातली गंमत. इतिहासाचा शिक्षक म्हणून मला मात्र ती नुसती गंमत वाटत नाही.

मूळ भेद समजण्यास सोपा आहे. आपला चांद्रमास अमावास्येला संपतो, म्हणून तो अमान्त. उत्तरेकडचा मास पौर्णिमेला संपतो, म्हणून तो पूर्णिमान्त. शुक्ल पक्षात दोघांचे महिने जुळतात. त्यामुळे रामनवमी, गुरुपौर्णिमा, गणेशचतुर्थी, दसरा यांविषयी कोणाचाच वाद नाही. कृष्ण पक्ष लागला की मात्र शेजारी आपल्यापुढे एक महिना निघून जातो. आपली श्रावण वद्य अष्टमी ती त्यांची भादों बदी अष्टमी, कृष्णजन्म एकच. आपली महाशिवरात्र माघात, त्यांची फाल्गुनात. आपला पोळा श्रावणी अमावास्येचा, त्यांच्या लेखी ती भाद्रपदाची.

पूर्णिमान्त पद्धतीत आणखी एक नवल आहे. होळीच्या दुसऱ्याच दिवशी त्यांचा चैत्र सुरू होतो, पण नवे विक्रम संवत मात्र चैत्र शुक्ल प्रतिपदेला, म्हणजे आपल्या गुढीपाडव्यालाच. म्हणजे चैत्राचा पहिला पंधरवडा जुन्या वर्षात आणि दुसरा नव्या वर्षात!

अधिक मासात तर हा भेद डोळ्यांत भरतो. बारा चांद्रमासांचे दिवस सुमारे ३५४, सौरवर्षाचे ३६५. दर वर्षी पडणारी ही अकरा दिवसांची तूट साधारण बत्तीस-तेहेतीस महिन्यांनी एक महिना वाढवून भरून काढतात. ज्या चांद्रमासात सूर्याची एकही संक्रांत होत नाही, तो अधिक. हा अधिक मास दोन्ही पद्धतींत प्रतिपदेपासून अमावास्येपर्यंतच धरला जातो. २०२३ साली श्रावण अधिक होता. उत्तरेकडचा सावन ४ जुलैला लागला आणि ऑगस्टअखेर संपला. त्यांना आठ सोमवार मिळाले. आपला निज श्रावण १७ ऑगस्टला सुरू होऊन १५ सप्टेंबरला संपला, सोमवार चार. त्यांपैकी २१ आणि २८ ऑगस्ट एवढे दोनच दोन्ही घरांना समान होते. सून एका पद्धतीची आणि सासू दुसऱ्या पद्धतीची असेल, तर त्या वर्षी स्वयंपाकघरात उपासाची भगर किती दिवस शिजली असेल, याची कल्पना वाचकांनीच करावी.

माणसाने नवी कालगणना निर्माण करण्याचे प्रयत्न पुष्कळ केले. शिवछत्रपतींनी शके १५९६, ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीस, म्हणजे १६७४ साली राज्याभिषेक करवून घेतला आणि नवा राजशक सुरू केला. पण नीट पाहा, त्यांनी वर्षांची मोजणी नवी केली. महिने आणि तिथी लोकांच्या होत्या त्याच ठेवल्या. फ्रान्समधील क्रांतिकारकांनी १७९३ साली याच्या उलट केले. महिन्यांची नावे बदलली, सात दिवसांचा आठवडा मोडून दहा दिवसांचा केला. १ जानेवारी १८०६ रोजी नेपोलियनने ते सारे रद्द केले. स्वतंत्र भारताने १९५२ साली मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली पंचांग सुधारणा समिती नेमली आणि २२ मार्च १९५७ रोजी, १ चैत्र १८७९ पासून, राष्ट्रीय दिनदर्शिका अमलात आली. ती शास्त्रशुद्ध आहे, सौर आहे, राजपत्रावर छापली जाते. पण तिच्या तारखेने कोणी बारसे केल्याचे माझ्या ऐकिवात नाही. शक राजाला बदलता येतो. महिना मात्र देवघरातला असतो, तो हुकमाने बदलत नाही.

म्हणूनच आपल्या जिल्ह्याची गोष्ट निराळी. १ नोव्हेंबर १९५६ रोजी विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि बालाघाट मध्य प्रदेशात राहिला. कचेरी, शाळा, दुकानाची पाटी हिंदी झाली. घरातला महिना मात्र अमान्तच राहिला. आजही कित्येक घरांत एका खिळ्यावर कालनिर्णय आणि दुसऱ्यावर जबलपूरचे लाला रामस्वरूप पंचांग टांगलेले दिसते.

धोका आहे तो पुढच्या पिढीला. माझ्याकडे पालक कधी कधी आजोबांच्या वहीतली टिपणे घेऊन येतात. त्यांत आजीची तिथी लिहिलेली असते, भाद्रपद वद्य पंचमी. नातवाचे सारे शिक्षण हिंदीतून झालेले. तो हिंदी पंचांग उघडतो, भाद्रपद कृष्ण पंचमी शोधतो आणि श्राद्ध करून मोकळा होतो. पण आजोबांचा भाद्रपद वद्य म्हणजे पितृपक्ष. त्याला हिंदी पंचांगात आश्विन कृष्ण म्हणतात. नातवाने निवडलेला दिवस पूर्ण एक महिना आधीचा असतो. श्रद्धा खरी, तिथी अचूक, आणि दिवस भलताच! जुन्या खरेदीखतांचे आणि पत्रांचेही तेच. कागद लिहिणारा अमान्त की पूर्णिमान्त, हे ठरवल्याशिवाय वद्य पक्षातली तारीख लावता येत नाही. शंकर बाळकृष्ण दीक्षितांसारख्या विद्वानाने रॉबर्ट सेवेल यांच्याबरोबर १८९६ साली तिथी-तारखांच्या मेळाचा इंग्रजी ग्रंथ सिद्ध केला, तो असल्याच अडचणींसाठी.

यांतली कोणती पद्धत खरी, असे विद्यार्थी विचारतात. मी सांगतो, चंद्राला दोन्ही मान्य आहेत. मात्र आपली कोणती, हे आपल्याला ठाऊक असले पाहिजे. भाषा हळूहळू जाते. आधी पाटीवरून, मग पत्रातून, शेवटी घरातल्या महिन्याच्या नावातून. ते शेवटचे नाव अजून आपल्या हाती आहे.

तेव्हा वाचकहो, या दिवाळीच्या सुट्टीत एक काम करा. घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारून कुटुंबातल्या जन्ममृत्यूच्या तिथी एका वहीत उतरवून घ्या. प्रत्येक तिथीपुढे शक, इंग्रजी तारीख आणि ‘अमान्त’ हा एक शब्द लिहा. तो शब्द लिहायला क्षणभर लागेल. तुमच्या नातवाचा महिना त्याने चुकणार नाही.